दोन्ही टोकांकडून

११ नोव्हेंबर, मंगळवार

नमस्कार.

मायन्यात नुसता नमस्कार लिहिला आहे, कारण त्याच्या आधी काय लिहावं हे काही केल्या सुचलं नाही. 'प्रिय' लिहावं तर आपली ओळख नाही. 'ताई' लिहावं तर उगाच लाडीगोडी लावल्यासारखं वाटतं. तेव्हा योग्य वाटेल तो शब्द तुम्हीच भरून घ्या. पत्ता माझ्या दिरांकडून मिळवला, म्हणजे तुमच्याही एकेकाळच्या. त्यांच्यावर रागावू नका, मी फारच मागे लागले होते.

ज्याच्याशी तुमचा घटस्फोट झाला त्याच्याशी पुढे माझं लग्न झालं. 'आमचे हे' असं लिहिलं तर तुम्हाला टोचेल, आणि 'तुमचे' तर लिहिणार कसं! म्हणून सरळ 'तो' म्हणते. घरातही मी त्याला अरे-तुरेच करते.

उन्हाळ्याच्या शेवटी त्याला अर्धांगाचा झटका आला. चष्म्याच्या दुकानातच. एका बाईंच्या डोळ्यांचा नंबर काढत होता. "आता ही ओळ वाचा," म्हणाला आणि पुढचं त्याच्याच तोंडून निघेना. उजवा हात आणि पाय आता बरेच सुधारले आहेत. काठी घेऊन जिन्यापर्यंत जातो, डाव्या हाताने जेवतो. दाढी मी करून देते, आणि दर वेळी हनुवटीखाली थोडी राहते. त्यावरून तो माझ्याकडे असा बघतो की याला बोलता येत नाही तेच बरं! वाचा मात्र गेली ती गेलीच. त्याच्या तोंडाची टकळी तुम्हाला ठाऊक आहे. गिऱ्हाईक चष्मा न्यायला यायचं आणि दुपारभर गप्पा मारत बसायचं. त्या माणसाच्या तोंडात आता तीनच शब्द उरले आहेत.

त्याला बोलायला शिकवायला घरी एक थेरपिस्ट येते. वयाने लहान आहे, पण धीराची आहे. ती चित्रं दाखवते. चमचा, किल्ली, छत्री. "हे काय?" असं विचारते. तो किल्लीकडे बघतो, हवेत बोटं फिरवून कुलूप उघडून दाखवतो, पण शब्द काही येत नाही. मग ती उलटं करते. सगळी चित्रं टेबलावर मांडते आणि विचारते, "किल्ली कुठंय?" तो झटकन बोट ठेवतो. ती म्हणते, वस्तूकडून शब्दाकडे जायचा रस्ता वेगळा आणि शब्दाकडून वस्तूकडे यायचा वेगळा. एक बंद पडला म्हणून दुसराही बंद असेल असं धरायचं नाही. दोन्हीकडून तपासल्याशिवाय काय गेलं आणि काय उरलं ते सांगता येत नाही.

आता तिला हेच माणसांच्या फोटोंवर करायचं आहे. दिरांचा फोटो मिळाला, दुकानातल्या भागीदाराचा मिळाला. तुमचा मात्र घरात एकही नाही. तुम्ही दोघं एकत्र राहत होतात तेव्हाचा एखादा पाठवाल का? काम झालं की परत पाठवीन. कळावे.

इथे पत्र संपलं होतं. सहीसुद्धा केली होती, ती खोडलेली तुम्हाला दिसतेच आहे. पाकीट चिकटवायला घेतलं आणि हात पुढे जाईना. आडून आडून बोलणं मला कधी जमलं नाही, ते लिहिताना कुठून जमणार!

माझं काम आधी सांगते, म्हणजे पुढचं कळेल. जमिनीखालून जाणाऱ्या फायबर केबल मी तपासते. काचेचे बारीक धागे असतात, त्यांतून प्रकाश जातो. एका टोकाला मशीन लावून मी आत प्रकाश सोडते, आणि उलट फिरून येणाऱ्या उजेडावरून कुठल्या जोडावर किती प्रकाश वाया गेला ते समजतं. गंमत अशी की दोन वेगळ्या जातीचे धागे एकमेकांना जोडलेले असले की कधीकधी त्या जोडावर प्रकाश वाढल्यासारखा दिसतो. जोड काही स्वतः प्रकाश तयार करत नाही, ते शक्यच नाही. दुसऱ्या टोकाला जाऊन बघितलं की त्याच जागी केवढा तरी तोटा दिसतो. दोन्ही आकड्यांची सरासरी काढायची, तेव्हा कुठे खरं काय ते हाती लागतं. म्हणून "उलटं घेतलं का?" हे आमच्याकडे रोज उठून विचारायचं वाक्य आहे. उलटं घेतल्याशिवाय मी आजवर एकाही कामावर सही केलेली नाही.

त्याचे तीन शब्द म्हणजे पाणी, नको आणि भिंगरी.

मला तो मास्तरीण म्हणायचा. आमची पहिली भेटच मुळी त्याच्या दुकानाच्या पाटीवरचं शुद्धलेखन सुधारण्यावरून झाली. "मास्तरीणबाई, चष्मा तुम्हाला हवाय की माझ्या पाटीला?" असं म्हणाला होता. त्या दिवसापासून मी मास्तरीणच. भाजीत मीठ कमी पडलं तरी मास्तरीण, माझा राग नाकावर आला तरी मास्तरीण. आता मी कामावरून येते, दार उघडते, आणि तो आतून हाक मारतो, "भिंगरी!" इतक्या आनंदाने मारतो हो. मला वाटलं, शब्द असाच कुठून तरी आला असेल. दिरांना विचारलं. ते खाली बघत म्हणाले, "वहिनी, ते तिला म्हणायचा तो. पहिल्या वहिनीला."

थेरपिस्टला हे सांगितलं. ती म्हणाली, "तोंडातून शब्द चुकीचा येतो म्हणजे माणूस चुकीचा ओळखतो असं नाही. आपण उलटं करून बघू. नाव मी घेईन, फोटो ते दाखवतील." मी म्हटलं, त्या बाईंचा फोटोच नाही आमच्याकडे. आणि सुटले. किती दिवस या एका सबबीवर काढले आहेत ते माझं मला माहीत. तिने "भिंगरी कुठंय?" विचारलं आणि त्याने तुमच्या फोटोवर बोट ठेवलं, तर? तर मी दारातून आत येताना त्याच्या तोंडावर जो आनंद फुलतो तो तुमचा आहे. मग इतके दिवस मी फक्त दार उघडते आहे.

तो हाक मारतो आणि मी ओ देत नाही. नुसती समोर जाऊन उभी राहते. थेरपिस्ट मला रागावली. हाकेला ओ मिळाली नाही तर तो हाक मारणं सोडून देईल, म्हणाली, आणि आहे तो शब्दही जाईल. तिचं म्हणणं पटतं. पण ओ द्यायची ती कुणाच्या नावाला?

फोटो पाठवा. किंवा पाठवू नका, म्हणजे मी पुन्हा सुटेन.

आपली,
(इथेही काय लिहावं ते सुचत नाही)


२२ नोव्हेंबर, शनिवार

नमस्कार.

'ताई' लिहिलं नाहीत ते बरं केलंत. एकदा ताई म्हटलं की नाही म्हणायची सोय राहत नाही.

फोटो सोबत आहेत. तुम्ही एक मागितला होता, मी तीन पाठवते आहे. कुठला उपयोगी पडेल सांगता येत नाही म्हणून, बाकी काही नाही. एकात केस लांब आहेत, एकात कापलेले. तिसऱ्यात मी हसते आहे. तो फोटो त्यानेच काढला होता आणि कॅमेऱ्यामागे उभा राहून काहीतरी वाह्यात बोलला होता, काय ते आता आठवत नाही. परत पाठवायची गरज नाही. पाठवलेत तरी चालेल.

मी येणार नाही. तुम्ही बोलावलंही नाही, पण पत्राच्या काठाकाठाने ते फिरत होतं, म्हणून आधीच सांगून टाकते.

तुमचं काम वाचून हसू आलं, कारण माझंही तेच आहे. मी कंपन्यांचे हिशेब तपासते. गोदामात माल तपासताना आम्हीही दोन दिशांनी जातो. कागदावर जे लिहिलंय ते फळीवर आहे का, हे एकदा बघायचं. आणि फळीवर जे आहे ते कागदावर आलंय का, हे एकदा. पहिल्या दिशेने गेलं की नसलेलं सापडतं, दुसऱ्या दिशेने गेलं की लिहायचं राहून गेलेलं. कामावर नवीन लागलेली माणसं एकाच दिशेने जाऊन येतात आणि "मॅडम, सगळं जुळलं" म्हणतात. मी त्यांना परत पाठवते. त्यामुळे हाताखालच्यांत मी खडूस म्हणून प्रसिद्ध आहे.

तेव्हा तुम्ही माझ्या नावावर जे मांडलं आहे ते तपासू द्या.

भिंगरी हे नाव त्याने ठेवलेलं नाही. ते माझ्या आईचं. मी एका जागी टिकायचे नाही, म्हणून ती मला भिंगरी म्हणायची. लग्नानंतर त्याने ते उचललं, आणि पहिली काही वर्षं घरभर तेच नाव होतं, हे खरं आहे. पुढे ते कमी झालं. मग नुसतं "अगं" उरलं. मग तेही गेलं. भांडलो असतो तर बरं झालं असतं, पण आम्ही धड भांडलोही नाही. दिवसभर दुकानात बोलून बोलून तो घरी यायचा, आणि घरात त्याच्या तोंडातून शब्द फुटायचा नाही. तुम्ही लिहिता, त्याची टकळी मला ठाऊक आहे. बाई, ती गिऱ्हाइकांना ठाऊक होती. मला तो मुकाच ठाऊक आहे. तुमच्या घरी तो बोलत होता हे मला तुमच्या पत्रातून कळलं.

शेवटच्या वर्षी मी मुद्दाम आतल्या खोलीत बसून राहायचे. वाटायचं, कधीतरी हाक मारेल. मी कुठे आहे हे बघायला तरी मारेल. एका संध्याकाळी त्याने जेवण स्वतःच वाढून घेतलं आणि मला तेव्हाच समजलं. तुम्ही त्याच्या आयुष्यात आलात त्याच्या कितीतरी आधीची गोष्ट आहे ही, तुमच्याकडे त्यातलं काही लागत नाही.

ज्या हाकेची मी वाट बघत बसले ती आता तुमच्या दारात रोज वाजते आहे, आणि तुम्ही ओ देत नाही! मला तुमचा राग आला. उत्तराला उशीर झाला तो त्यामुळे.

आई गेल्यापासून मला त्या नावाने हाक मारणारं कुणी नाही. ऑफिसात मॅडम, शेजारी काकू, भाचरांची मावशी. नाव अजून चालू आहे, कुणाच्या तरी तोंडी आहे, हे वाचून काय वाटलं ते लिहीत नाही.

तपासणी करा. दोन्ही दिशांनी करा. जे निघेल ते मला जसंच्या तसं कळवा. मला बरं वाटावं म्हणून काही लिहिलंत तर मला ते कळेल, माझा धंदाच तो आहे.

आपली,
भिंगरी

(बऱ्याच वर्षांनी हे लिहून बघितलं. हात विसरलेला नाही.)


६ डिसेंबर, शनिवार

प्रिय भिंगरी,

चला, मायना तरी सापडला.

तुमचं पत्र आल्यावर मी लगेच थेरपिस्टला बोलावलं. खिडकीजवळच्या टेबलावर तिने फोटो ओळीने मांडले. दीर, भागीदार, तुमचे तीन आणि माझा एक. तो दाढी करून, धुतलेला शर्ट घालून बसला होता. तुम्ही सांगितलंत म्हणून जसंच्या तसं लिहिते. यात मी काही घातलेलं नाही आणि काही काढलेलं नाही.

आधी फोटोकडून नावाकडे. दिरांचा फोटो दाखवून तिने विचारलं, "हे कोण?" नाव आलं नाही, पण त्याने ओठावर बोट फिरवून मिशा काढून दाखवल्या. माझा फोटो दाखवला. "भिंगरी," तो म्हणाला. लगेच म्हणाला.

मग तुमचे. लांब केसांचा, कापलेल्या केसांचा, हसरा. तिन्ही त्याने हातात घेतले. दुकानात नवीन माणूस आलं की तो जसा अदबीने बघायचा तसा बघितला. मग तिन्ही नीट एकावर एक ठेवून बाजूला सरकवले आणि म्हणाला, "नको."

मला खोटं लिहिता आलं असतं. पेन हातात धरून बराच वेळ बसले होते. पण तुम्ही हसऱ्या फोटोबद्दल जे लिहिलं होतं ते आठवलं आणि वाटलं, या बाईला फसवणारी निदान मी तरी असू नये.

मग उलटं घेतलं. "तुमचा भाऊ कुठंय?" बोट बरोबर. "भिंगरी कुठंय?" त्याने बोट माझ्या फोटोवर ठेवलं. तिने फोटो उलटसुलट केले, तुमचा हसरा मध्यभागी आणला आणि पुन्हा विचारलं. पुन्हा माझ्याच फोटोवर. मला आनंद झाला, लपवत नाही. लहान मुलीसारखा झाला. तुमची क्षमा मागते, पण झाला.

थेरपिस्ट म्हणाली, "बघा, दोन्हीकडून जुळलं." ती कागद आवरायला लागली. मीच तिला थांबवलं. माझी खोड. म्हटलं, एक राहिलं. मास्तरीण विचारा.

"मास्तरीण कुठंय?"

त्याने शोधलं हो. मनापासून शोधलं. एकेक फोटो उचलून बघितला. तुमचा हसरा फोटो जरा जास्त वेळ धरला, मग ठेवला. माझा उचलला, ठेवला. टेबलावरचं कापड उचलून खाली बघितलं. नंतर माझ्याकडे बघितलं, चष्मा सापडेनासा झाला की बघतो तसं, की तूच दे आता शोधून. मी समोर बसले होते. त्याच्यापासून हातभर अंतरावर. मग त्याने मान हलवली. "नको," म्हणाला. त्याच्याकडे 'नाही' हा शब्द नाही, त्यामुळे सगळ्याला नकोच म्हणतो. मला ते माहीत आहे. तरी ऐकवलं नाही.

मी न्हाणीघरात जाऊन नळ सोडला आणि रडले. त्याला माझं नाव आठवत नाही म्हणून रडले, तो ते शोधत होता म्हणून जास्त रडले. थेरपिस्टने दार वाजवलं. "तुम्हाला ते पुरते ओळखतात, हे केवढं आहे," म्हणाली. केवढं आहे हे मला कळत नाही असं नाही.

त्याच्याकडे तुमचं नाव उरलं आणि माझा चेहरा. आमच्या कामात दोन टोकांचे आकडे आले की सरासरी काढता येते. इथे मी कितीतरी वेळा मांडून बघितलं. दोन्ही टोकांना तोटाच दिसतो, आणि मध्ये तो मजेत बसला आहे, त्याला दोन बायकांत मिळून एक बायको पूर्ण आहे.

तुमच्या पत्रातली आतली खोली मात्र माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही. माझ्या टोकाकडून बघताना मला वाटायचं, सगळा उजेड तुमच्याकडेच गेला असणार. माझ्याशी तो इतका बोलला, इतका बोलला की मी कधीकधी म्हणायचे, बाबा रे, आता पुरे. ते बोलणं तुमच्या वाट्यातलं राहिलेलं होतं का, कोण जाणे. असेल तर ते मी अगदी निर्धास्तपणे खर्च केलं. पुरे म्हणायला नको होतं.

थेरपिस्ट गेली. तो आत पलंगावर जाऊन पडला. मी स्वयंपाकघरात उगाच ओटा पुसत उभी होते. आतून हाक आली, "भिंगरी."

मी म्हटलं, "ओ. आले."

बस, एवढंच. आभाळ कोसळलं नाही. मी आत गेले तर त्याने पाण्याकडे बोट दाखवलं. त्याच्या दृष्टीने काहीच झालं नव्हतं. हाक मारली, ओ मिळाली. पण तेव्हापासून चेव आल्यासारखा हाका मारतो. काम असो नसो, हाक. मी ओ दिली की आतून हसतो. परवा "भिंगरी, पाणी" असं दोन शब्द जोडून बोलला. थेरपिस्टने टाळ्या वाजवल्या, मीही वाजवल्या. शब्दाला शब्द जोडला जातोय म्हणजे पुढे आणखी येतील, म्हणते ती. कुठले येतील ते मी विचारलं नाही.

तेव्हा तुमचं नाव मी वापरते आहे. रोज, दिवसातून कितीतरी वेळा. विचारून घ्यायला हवं होतं, आधी घेतलं आणि आता सांगते आहे. जपून वापरीन. ज्या हाकेची तुम्ही वाट बघितलीत ती एकही आता फुकट जाऊ देणार नाही. हातातलं टाकून ओ देते.

दोन फोटो परत पाठवले आहेत. हसरा ठेवून घेतला आहे, मागितलात तरी देणार नाही. तो कपाटावर लावला आहे. त्याला तुम्ही कोण ते कळत नाही, पण येता-जाता मान लववून नमस्कार करतो.

एक मागायचं आहे. उत्तर लिहाल तेव्हा मायन्यात मला माझ्या त्या नावाने लिहा. एका शब्दाचं तर काम आहे. मला त्या नावाने हाक मारणारा जगात एकच माणूस होता, आणि त्याने त्या दिवशी टेबलावरचं कापड उचलून मला शोधलं. त्याच्यासमोर बसून मला बोलता आलं नाही, ते इथे लिहिते.

मी इथेच आहे रे.

तुमची,
मास्तरीण